व्वाझँ-३ : संथ विमान बॉम्बफेकीसाठी का निवडले गेले?

ताशी जेमतेम शंभर किलोमीटर वेगाने उडणारे व्वाझँ-३ हे बोजड द्विपंखी विमान फ्रान्सने पहिल्या महायुद्धात, १९१४-१५ मध्ये, बॉम्बफेकीसाठी का वापरले आणि तो निर्णय चुकीचा होता का, असे आपण विचारले आहे. माझ्या मते निवड योग्य होती. चूक झाली ती नंतर, हाच आराखडा गरजेपेक्षा फार काळ धरून ठेवण्यात.

त्या वेळी बहुतेक विमाने लाकूड, तारा आणि कापड यांची असत आणि पावसापाण्यात उघड्यावर ठेवली की त्यांचे लाकूड वाकत असे. या विमानाचे निर्माते गाब्रिएल व्वाझँ यांनी सांगाड्यासाठी प्रामुख्याने पोलादी नळ्या वापरल्या. त्यामुळे विमान जड झाले आणि वेग गेला, पण ते उघड्या मैदानावर मुक्काम करू शकत होते आणि चार चाकांमुळे खडबडीत जमिनीवरही उतरू शकत होते. आघाडीवरच्या तुकडीला वेगापेक्षा या टिकाऊपणाची गरज जास्त होती.

या विमानाचे समोरून काढलेले छायाचित्र नीट पाहा. नाकाशी पंखा दिसत नाही. होडीसारख्या छोट्या कोठीत पुढे चालक, त्याच्या पाठीशी निरीक्षक आणि सर्वांत मागे पाण्याने थंड होणारे साल्मसन इंजिन, अशी रचना आहे. पंखा विमानाला मागून ढकलतो. पुढची बाजू मोकळी असल्याने निरीक्षकाला उभे राहून चालकाच्या डोक्यावरून मशीनगन चालवता येत असे. पंख्याच्या पात्यांमधून गोळ्या सोडण्याची यंत्रणा तेव्हा वापरात आली नव्हती, हे लक्षात घेतले म्हणजे या मोकळ्या नाकाचे मोल कळते. ५ ऑक्टोबर १९१४ रोजी रांस शहराजवळ सार्जंट जोसेफ फ्रान्त्झ आणि त्यांचा मेकॅनिक लुई केनो यांनी अशाच विमानातून हॉचकिस मशीनगनने एक जर्मन आव्हियाटिक विमान पाडले. गोळीबाराने विमान पाडल्याची ती जगातील पहिली घटना मानली जाते.

बॉम्बही सुरुवातीला तोफगोळ्यांपासूनच तयार केलेले होते : ९० आणि १५५ मिलिमीटरच्या गोळ्यांना शेपटीची पाती जोडलेली असत. नोव्हेंबर १९१४ मध्ये पहिला बॉम्बफेकी गट उभा राहिला तो याच विमानांवर. बेल्जियममधील ईप्रच्या रणभूमीवर जर्मनांनी २२ एप्रिल १९१५ रोजी क्लोरीन वायू सोडल्यानंतर, २७ मे रोजी या गटाची १८ विमाने नान्सीजवळच्या मालझेव्हिलहून निघाली आणि लुडविग्सहाफेन येथील रसायन कारखान्यांवर बॉम्ब टाकून आली. सरळ रेषेत मोजले तरी जाऊन-येऊन हे अंतर पावणेचारशे किलोमीटरच्या आसपास भरते. एवढ्या संथ विमानांना शत्रूच्या हद्दीत कित्येक तास काढावे लागले, तरी त्यांतले एकच परतले नाही. इंजिन बंद पडल्याने ते खाली उतरले आणि त्यातील गटप्रमुख, कमांडंट द गॉइस, पकडले गेले. मला हा हल्ला त्या माणसांच्या धैर्याइतकाच त्या इंजिनांच्या चिकाटीचाही वाटतो.

हे यश शक्य झाले, कारण आकाशात तेव्हा खरा विरोधकच नव्हता. १९१५ च्या उन्हाळ्यात फोकरची एकपंखी लढाऊ विमाने आली, त्यांची मशीनगन फिरत्या पंख्यातून नेमकी पुढे मारा करू लागली आणि व्वाझँची जी रचना पुढून फायद्याची होती तीच मागून घातक ठरली. इंजिन, पंखा आणि शेपटीचा सांगाडा आड येत असल्याने मागून येणाऱ्या विमानावर निरीक्षकाला गोळी झाडता येत नव्हती, आणि वेग नसल्याने पळूनही जाता येत नव्हते. दिवसाच्या मोहिमांत हानी वाढत गेली, तेव्हा ही विमाने रात्रीच्या बॉम्बफेकीकडे वळवावी लागली.

तेवढ्यावर मागे पंखा असलेली ही रचना सोडून द्यायला हवी होती. प्रत्यक्षात जास्त ताकदीचे इंजिन बसवून तीच वाढवत नेली गेली : आठव्या प्रकाराला २२० अश्वशक्तीचे प्यूजो आणि दहाव्या प्रकाराला ३०० अश्वशक्तीचे रेनो इंजिन मिळाले. अंधाराच्या आडोशाने ती विमाने १९१८ पर्यंत उडत राहिली, पण मागची आंधळी बाजू त्यांच्यातही तशीच राहिली.