माझ्यानंतर जॉईन झालेल्याला आधी प्रमोशन मिळालं, आता काय करता येईल?

तुमचं म्हणणं असं की 2014 च्या एकाच भरतीतून दोघं कनिष्ठ लिपिक लागलात, तो तुमच्यानंतर दोन महिन्यांनी हजर झाला आणि आता तोच आधी वरिष्ठ लिपिक झाला. मी स्वतः आस्थापना शाखेत (नेमणुका-बढत्यांच्या फायली बघणाऱ्या) बरीच वर्षं काढली आहेत म्हणून सांगतो, नुसती जॉईनिंगची तारीख धरून भांडायला जाऊ नका, तिथेच गप्प करतील.

तुमची भरती 2014 ची म्हणजे राज्य सरकारचे 1982 चे ज्येष्ठतेचे नियम लागतात (2021 ला नवीन नियमावली आली ती नंतरची). त्यात एका बॅचमधल्या सरळसेवेच्या (बढतीने नव्हे, थेट भरतीने आलेल्या) लोकांची ज्येष्ठता निवड यादीतल्या मेरिटप्रमाणे ठरते, पण अट अशी की नेमणुकीच्या ऑर्डरपासून 30 दिवसांत किंवा सक्षम अधिकाऱ्याने वाढवून दिलेल्या मुदतीत हजर व्हायला हवं. त्यामुळे आधी बघा तो मेरिटला तुमच्या वर होता का, आणि असेल तर दोन महिने उशीर झाला तेव्हा मुदतवाढीची ऑर्डर निघाली होती का. तोंडी "या सावकाश" म्हणून चालत नाही, फायलीत कागद लागतो. ऑफिस देत नसेल तर माहिती अधिकारात नेमणूक आदेश, हजर अहवाल आणि मुदतवाढीचं पत्र मागा.

आणि आपलंही तपासा, विभागीय परीक्षा ठरलेल्या मुदतीत आणि संधींत पास झालात ना? नाहीतर यादीत खाली जाता, मेरिट कितीही असो. विनंती बदलीवर या जिल्ह्यात आला असाल तर बहुतेक तळाला गेला असाल, बदलीच्या ऑर्डरमध्येच ती अट असते आणि घरी जायच्या घाईत कोणी वाचत नाही.

खरं भांडण प्रमोशनच्या ऑर्डरशी नसतंच, ज्येष्ठता यादीशी असतं. 1 जानेवारीची तात्पुरती यादी फिरवतात, हरकती मागवतात, लोक सही करून पुढे सरकवतात, मग ती अंतिम होते आणि विभागीय पदोन्नती समिती त्याच यादीवरून नावं घेते. त्यात 7 मे 2021 च्या जीआरनंतर राज्यात पदोन्नतीची पदं (कोर्टाच्या निकालाच्या अधीन राहून) आरक्षण न धरता 25 मे 2004 च्या ज्येष्ठतेप्रमाणे भरायची ठरलं, म्हणजे यादीतला एकेक नंबर अजूनच महाग झाला. तुम्ही इतकी वर्षं हरकत घेतलीच नसेल तर केस अवघड आहे हे स्पष्ट सांगतो. ओडिशाच्या एका प्रकरणात 2010 ला सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की तीनचार वर्षं कायम राहिलेली ज्येष्ठता सहसा उकरू नये.

तरी कागद तुमच्या बाजूने असतील तर लगेच योग्य मार्गाने लेखी निवेदन द्या आणि पोच घ्या. सहा महिने उत्तर आलं नाही तर त्यापुढच्या एका वर्षात मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जावं लागतं, नकार आला तर त्या तारखेपासून एक वर्ष. स्मरणपत्रांवर स्मरणपत्रं देत बसल्याने ही मुदत वाढत नाही, भलेभले इथे फसतात. अर्जात ज्याच्यावर परिणाम होणार त्यालाही प्रतिवादी करावं लागतं, शेजारच्या टेबलावर बसत असला तरी, नाहीतर तेवढ्यावरच अर्ज अडकतो. (झेडपीत असाल तर मॅट नाही, थेट हायकोर्ट.)

जिंकलात तर मानीव दिनांक मिळतो, म्हणजे त्याच्या प्रमोशनच्या तारखेपासून तुमचंही धरतात आणि वेतननिश्चिती होते. मधल्या काळाची थकबाकी मात्र आपोआप हातात पडत नाही, "काम केलं नाही तर पगार नाही" म्हणतात. त्यावर सुप्रीम कोर्टाच्या 1991 च्या जानकीरामन केसचा आधार घेऊन, चूक ऑफिसची होती आणि मी काम करायला तयार होतो, असं अर्जात पहिल्यापासून लिहून ठेवा आणि थकबाकीची मागणी वेगळी मांडा.