मार्कांची शीट ग्रुपवर आली आणि क्लासवाल्यांचे फोन सुरू झाले

ताई, तुम्ही लिहिलंय की आठवीतल्या मुलीच्या युनिट टेस्टचे मार्क टीचरनी अख्ख्या वर्गाची एक्सेल शीट करून पालकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकले, मग कोथरूडच्या एका क्लासमधून फोन आला की गणितात ४० पैकी ११च पडलेत ना, आमच्याकडे पाठवा, आणि शाळा म्हणते ॲडमिशन फॉर्मवर तुमची सही आहे.

सही आहे, पण ती मुलीला शिकवायला, तिचे मार्क क्लासवाल्यांना द्यायला नाही. २०२३ चा डेटा प्रोटेक्शनचा कायदा हेच सांगतो, संमती ज्या कामासाठी घेतली तेवढ्यापुरतीच, आणि १८ वर्षांखालच्या मुलांसाठी आईवडिलांची लागते. मात्र शाळेला पत्र द्याल त्यात २०० कोटींच्या दंडाची धमकी देऊ नका. कायद्यात तेवढ्यापर्यंतची तरतूद आहे हे खरं, पण नियम आले नोव्हेंबर २०२५ ला आणि मुख्य बंधनं त्यानंतर १८ महिन्यांनी, म्हणजे मे २०२७ पासून लागू होतात, शाळेचा वकील पहिलं हेच दाखवेल आणि तुमची खरी तक्रार बाजूला पडेल.

आधी पुरावा जपा. ग्रुप सोडू नका, शीटचा तारखेसकट स्क्रीनशॉट काढा, क्लासचा नंबर ठेवा. मग प्रिन्सिपलना साधं पत्र द्या आणि कॉपीवर शिक्क्यासह पोच घ्याच, तोंडी बोलण्याला नंतर काही अर्थ राहत नाही. त्यात विचारा की शीट कुणाकुणाकडे आहे, कुठल्या ॲपवर चढवलीये, क्लासला कुणी दिली, आणि मागणी करा की ती सगळीकडून डिलीट करा, पुढे मार्क ज्याच्या त्याच्या पालकालाच कळवा. अजून दोनचार पालकांच्या सह्या मिळाल्या तर फारच चांगलं.

मुलगी शाळेत जायला नको म्हणते हे मला सगळ्यात जास्त लागलं. नुसती शीट टाकली म्हणून आरटीईचं, म्हणजे शिक्षण हक्क कायद्याचं, मुलांना मारहाण आणि मानसिक छळ करायला बंदी घालणारं कलम १७ लागेल असं मी म्हणणार नाही, पण वर्गात उभं करून मार्क वाचून दाखवले, अपमान केला असेल तर तो मानसिक छळ होऊ शकतो, आणि ६ ते १४ वयाच्या मुलांना त्यापासून संरक्षण आहे. तिला शांतपणे विचारा. तसं झालं असेल तर याच कायद्याच्या कलम ३२ खाली महापालिकेच्या शिक्षण विभागाकडे लेखी तक्रार करा, त्यांनी ३ महिन्यांत निर्णय द्यायचा असतो, नाही पटला तर राज्य बाल हक्क संरक्षण आयोगाकडे अपील.

क्लासवाल्याचा परत फोन आला तर भांडू नका, एवढंच विचारा की मार्क आणि नंबर कुणी दिला, आणि उत्तर तिथल्या तिथे लिहून ठेवा.