सेन्सॉरने पास केलेला चित्रपट सरकार थांबवू शकतं का?

कायद्याने विचाराल तर बोर्डाचा निर्णय फिरवून नाही; शांतता बिघडेल या कारणाने प्रदर्शन तात्पुरतं थांबवता येतं, ते वेगळं. सेन्सॉर बोर्डाने प्रमाणपत्र दिल्यावरही तो निर्णय फिरवायचा अधिकार केंद्राकडे होता, १९५२च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याच्या सहाव्या कलमात. शंकरप्पा खटल्यात कर्नाटक उच्च न्यायालयाने तो घटनाबाह्य ठरवला आणि २०००मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही तेच मान्य केलं. २०२१च्या कायदादुरुस्तीच्या मसुद्यात सरकारने तो परत मागितला होता, पण २०२३च्या दुरुस्तीत तो आला नाही.

तरीही चित्रपट अडतात. कसे, ते २०१७च्या गोव्याच्या इफ्फीत, म्हणजे आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात, सगळ्यांदेखत घडलं.

इंडियन पॅनोरमा या महोत्सवातल्या भारतीय चित्रपटांच्या विभागासाठी परीक्षकांनी निवडलेले दोन चित्रपट माहिती व प्रसारण मंत्रालयाने यादीतून काढले: रवी जाधवांचा ‘न्यूड’ आणि सनलकुमार शशिधरन यांचा मल्याळम ‘एस दुर्गा’. परीक्षक मंडळाचे अध्यक्ष सुजॉय घोष यांनी राजीनामा दिला. शशिधरन केरळ उच्च न्यायालयात गेले. महोत्सवात प्रमाणित प्रत दाखवा, असा आदेश न्यायालयाने मंत्रालयाला दिला. परीक्षकांनी ती प्रत पाहिलीसुद्धा. आणि २८ नोव्हेंबरला, महोत्सवाच्या अखेरच्या दिवशी, बोर्डाने फेरतपासणीचं पत्र काढलं. आक्षेप काय, तर नामपट्टीवर ‘एस’च्या पुढे ### अशी तीन चिन्हं आहेत! चित्रपटाचं मूळ नाव ‘सेक्सी दुर्गा’. त्याच नावाने त्याला रॉटरडॅमला टायगर पुरस्कार मिळाला होता आणि ते बदलायला बोर्डानेच लावलं होतं.

न्यायालयाचा आदेश हातात असूनही इफ्फीत तो दाखवला गेला नाही.

मला सगळ्यात जास्त लागतं ते हेच. बंदीचा आदेश असता तर त्याविरुद्ध भांडता आलं असतं, इथे फक्त दिवस काढले गेले. ‘न्यूड’ तर पुढे एकही कट न लागता, ‘ए’ प्रमाणपत्रावर एप्रिल २०१८मध्ये प्रदर्शित झाला. पोट भरायला चित्रकलेच्या विद्यार्थ्यांसमोर मॉडेल म्हणून बसणारी, आणि ते मुलापासून लपवणारी बाई, एवढी ती गोष्ट. पण पॅनोरमाचा पडदा हुकला तो हुकलाच. मोठा स्टार नसलेल्या चित्रपटाला वितरक भेटतो, त्याच्यावर लिहून येतं, ते अशाच ठिकाणी.

दाद मागायला पूर्वी अपील न्यायाधिकरण होतं. तेही एप्रिल २०२१मध्ये बंद केलं. आता बोर्डाच्या निर्णयाविरुद्ध थेट उच्च न्यायालयात जावं लागतं. वकिलाची फी आणि तारखांची वाट, दोन्ही निर्मात्याच्याच माथी. लहान निर्माता बहुतेक वेळा सांगितलेले कट मुकाट्याने मान्य करतो.