ॲनिमे (जपानी ॲनिमेशन) अडखळत हलल्यासारखं का दिसतं? बजेट कमी असतं म्हणून का?

बजेट हे कारण आहे, पण अर्धंच. चित्रं मोजकी असतात, आणि ती कुठे वापरायची व कुठे वाचवायची हे ठरवलेलं असतं.

सेकंदाला फ्रेम 24च. एक चित्र दोन फ्रेम धरलं तर सेकंदाला 12 चित्रं लागतात, तीन फ्रेम धरलं तर 8. डिस्नेचंही बरंच काम दोनवर (म्हणजे दोन-दोन फ्रेमला एक चित्र) चालतं. टीव्हीवरच्या ॲनिमेचा मुक्काम मात्र बहुधा तीनवर. 1 जानेवारी 1963 पासून ओसामू तेझुकांची ‘तेत्सुवान आतोमु’ (‘ॲस्ट्रो बॉय’) ही मालिका जपानच्या फुजी टीव्हीवर दर आठवड्याला अर्धा तास लागू लागली, आणि ही काटकसर रूढ झाली. पात्र बोलताना चेहरा स्थिर, वर ओठांची तीनच चित्रं: मिटलेले, अर्धवट, उघडे. आवाजही सहसा नंतर भरतात, म्हणून ओठ शब्दांशी तंतोतंत जुळत नाहीत. (‘अकिरा’ या चित्रपटात, 1988, संवाद आधी रेकॉर्ड केले होते, तिथले ओठ बघा.)

सगळ्यात जास्त खटकतं ते चालताना. मागचं दृश्य दर फ्रेमला सरकतं, पाय तिसऱ्या फ्रेमला हलतो. मधल्या दोन फ्रेममध्ये टेकलेलं पाऊल जमिनीवरून घसरतं. यावर सोपा उपाय म्हणजे माणूस छातीपासून वरच दाखवायचा. ॲनिमेत चालणाऱ्यांचे पाय इतके कमी दिसतात ते उगाच नाही.

मारामारीत हिशेब उलटा. मुख्य चित्रं काढणारा कलाकार टाइमशीटवर (एका कागदावर 6 सेकंद, म्हणजे 144 फ्रेम) कुठलं चित्र किती फ्रेम राहील ते लिहितो. समजा, मूठ मागे नेऊन 8 फ्रेम रोखली, पुढची दोन चित्रं एकेक फ्रेमची, आणि थेट तडाखा. मधली चित्रं समान अंतराने भरली तर ठोसा मिळमिळीत होतो. सॉफ्टवेअरने सेकंदाला 60 फ्रेमच्या केलेल्या क्लिपांचं नेमकं हेच होतं: मुद्दाम सोडलेली फट मशीन बुजवून टाकतं. टीव्हीतलं मोशन स्मूदनिंगही (मधल्या फ्रेम आपणच घालणारी सेटिंग) तेच करतं, ॲनिमे बघताना ते बंदच ठेवा.

स्वतः पडताळायचं असेल तर व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये व्हिडिओ थांबवून ‘ई’ची कळ दाबत जा, प्रत्येक दाबाला एक फ्रेम पुढे. चित्र कितव्या दाबाला बदलतं ते मोजा. एकाच शॉटमध्ये केस तीनवर, धूर दोनवर आणि आकाश एकवर असंही सापडेल.