काळाच्या देवीला मानणारा एक धर्म कथेसाठी रचतोय. त्यात रोजची पूजा कशी असावी?

वेळ मोजणं हीच पूजा ठेवा. ज्याच्या हाती घटका मोजायचं भांडं, तोच पुजारी. याला इतिहासात चांगला आधार आहे. प्राचीन इजिप्तमध्ये रात्रीचे १२ तास मानत, आणि राजांच्या थडग्यांतल्या चित्रांत प्रत्येक तासाची वेगळी देवी दिसते. कर्नाकच्या मंदिरात सापडलेलं इ.स.पू. १४व्या शतकातलं जलघड्याळ बघा: तळाशी बारीक भोक, आतून खुणांच्या १२ रांगा, दर महिन्याला वेगळी. कारण रात्र ऋतूप्रमाणे लहानमोठी होते, पण तिचे भाग १२च राहतात. म्हणजे तासच लांबतो आणि आखडतो. तुमच्या धर्मातले पंथ इथेच फुटू द्या. एक म्हणेल, देवीचा तास ऋतूबरोबर श्वास घेतो. दुसरा म्हणेल, तास अढळ आहे, बदलते ती आपली रात्र. सण आणि पोशाख मग आपोआप सुचतात. पापही यातूनच घ्या: पुजाऱ्याला डुलकी लागली, भांडं रिकामं राहिलं, तर ती घटका कुणाच्याच हिशेबात नाही. त्या घटकेत जन्मलेल्या मुलाचं वय कसं मोजायचं? मला तर यावर अख्खं प्रकरण वाचायला आवडेल.

फक्त नवसाने काळ मागे फिरतो असं ठेवू नका. एकदा ती सोय दिली की पात्रांच्या कुठल्याच चुकीला किंमत उरत नाही, आणि भक्तांना देवीची भीतीही वाटत नाही.