वाचकांचे प्रश्न: ‘कवडीमोल’ नेमके कशाला म्हणावे?

प्रश्न: मी रत्नागिरी जिल्ह्यातील एका माध्यमिक शाळेत मराठी शिकवते. ‘कांद्याला कवडीमोल भाव’ हा वर्तमानपत्रातील मथळा आणि ‘साड्या कवडीमोल भावात’ ही दुकानावरील पाटी, असे दोन्ही प्रयोग विद्यार्थ्यांनी वर्गात आणले. कवडी हा समुद्रातील जीव असताना तिच्यावरून किमतीचे विशेषण कसे झाले, ‘कवडीमोल’ आणि ‘मातीमोल’ यांत फरक आहे का, आणि माणसाला ‘कवडीमोल’ म्हणता येते का, असे तीन प्रश्न त्यांनी विचारले. कृपया खुलासा करावा.

उत्तर: पहिल्या प्रश्नापासून सुरुवात करणे बरे, कारण पुढच्या दोन्ही प्रश्नांची उत्तरे त्यातूनच निघतात.

कवडी म्हणजे एका समुद्री गोगलगायीचे कवच. उथळ, उबदार समुद्रात, प्रवाळांच्या आणि दगडांच्या आडोशाला हा जीव राहतो. तो जिवंत असताना त्याच्या अंगाची पातळ, मऊ घडी दोन्ही बाजूंनी वर येऊन कवच झाकून टाकते, आणि त्या घडीतून पाझरणाऱ्या द्रव्याचे थर कवचावर बसत जातात. कवडीला जी उपजत झिलई असते ती यामुळे. ती कोणी घासून आणलेली नसते. कवडी उलटी करून पाहिली, तर खालच्या सपाट अंगावर मधोमध एक लांबट फट आणि फटीच्या दोन्ही कडांना बारीक दाते दिसतात. व्यवहारात चालणारी कवडी ही या कुळातील एक लहान जात. ती साधारण दोन-तीन सेंटिमीटर लांबीची, पिवळसर पांढरी, टणक आणि एकसारखी असते. ती झिजत नाही, कुजत नाही, मोजायला सोपी असते आणि खोटी बनवणे परवडत नाही. चलनाला लागणारे बहुतेक सारे गुण तिच्या अंगी आयतेच होते.

आपल्या भागात चालणाऱ्या कवड्यांचे मोठे उगमस्थान मालदीव बेटे हे होते. चौदाव्या शतकात तेथे काझी म्हणून राहिलेला प्रवासी इब्न बतूता याने या व्यापाराचे वर्णन करून ठेवले आहे. समुद्रातून काढलेले जीव किनाऱ्यावरील खड्ड्यांत टाकून ठेवत, आतील मांस कुजून गेले की पांढरे कवच उरे, आणि ही कवचे बंगालला देऊन त्या बदल्यात तांदूळ घेतला जाई. त्याने दिलेले दर विशेष लक्षात ठेवण्यासारखे आहेत. मालदीवमध्ये एका सोन्याच्या दिनारला चार लाख कवड्या मिळत, तर पुढे आफ्रिकेतील माली आणि गाओ येथे त्याच कवड्या एका दिनारला ११५० या दराने विकल्या जाताना त्याने पाहिल्या. वस्तू तीच, पण समुद्रापासून ती जितकी दूर गेली तितके तिचे मोल वाढले.

आपल्याकडील हिशेब भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त स्वच्छ दिलेला आहे. इ.स. ११५० च्या सुमाराच्या या ग्रंथाच्या आरंभीच परिभाषा सांगताना भास्कराचार्य म्हणतात की, वीस वराटकांची एक काकिणी, चार काकिणींचा एक पण, सोळा पणांचा एक द्रम्म आणि सोळा द्रम्मांचा एक निष्क. वराटक म्हणजे कवडी. या कोष्टकाने एका द्रम्माच्या १२८० आणि एका निष्काच्या २०,४८० कवड्या होतात. कवडी ही पैशाच्या शिडीची सगळ्यांत खालची पायरी होती, पण ती शिडीचीच पायरी होती, जमीन नव्हे. तिच्याखाली मोजण्यासारखे काही नव्हते, तरी तिची स्वतःची किंमत शून्य कधीच नव्हती. हा भेद नीट ध्यानात घेतला नाही, तर ‘कवडीमोल’ या शब्दाचा वापर हमखास घसरतो.

संस्कृतात कवडीला ‘कपर्द’ आणि ‘कपर्दिका’ असेही शब्द आहेत; ‘कपर्दिके’पासून प्राकृतात ‘कवड्डिआ’ आणि तेथून मराठीत ‘कवडी’ असा हा प्रवास. ‘कवडीमोल’ हा बहुव्रीही समास आहे: कवडी आहे मोल ज्याचे ते. म्हणून तो विशेषणासारखा चालतो आणि लिंग-वचनानुसार बदलत नाही, जसे कवडीमोल भाव, कवडीमोल जमीन, कवडीमोल दागिने. ‘कवडीमोलाने विकले’, ‘कवडीमोलात घेतले’ अशा रचनांत तो नाम म्हणून येतो आणि तेव्हा त्याला विभक्तिप्रत्यय लागतो. दोन्ही प्रयोग शुद्ध आहेत. मात्र शब्द जोडूनच लिहावा.

आता अर्थाकडे वळू. कोशात ‘अत्यंत स्वस्त’ किंवा ‘क्षुल्लक किमतीचे’ असा अर्थ सापडतो आणि तो चुकीचा नाही, परंतु तो अपुरा आहे. ‘कवडीमोल’ हे विशेषण वस्तूची लायकी सांगत नाही, तिला मिळालेला भाव सांगते. आणि ज्या वस्तूला खरे तर बरीच किंमत आहे तिला तळाचा भाव मिळाला, ही तक्रार त्या शब्दात अंगभूत आहे. ज्याला मुळात किंमत नाही त्याला कवडीमोल म्हणण्यात काही अर्थ नसतो. गंजलेला पत्रा भंगारात चार पैशांना गेला तर तो कवडीमोल गेला असे आपण म्हणत नाही, पण घरची जमीन, आजीच्या पाटल्या किंवा वर्षभराचे पीक तशाच चार पैशांना गेले, तर हाच शब्द तोंडात येतो.

कांद्याचा मथळा म्हणूनच या शब्दाचा उत्तम वापर आहे. नाशिक जिल्ह्यातील शेतकरी लासलगावच्या किंवा दुसऱ्या एखाद्या बाजार समितीत गाडी घेऊन जातो, लिलाव होतो, माल तोलला जातो आणि शेवटी व्यापाऱ्याची पट्टी हातात पडते. हमाली, तोलाई आणि गाडीभाडे जाता उरलेल्या रकमेतून बियाणे, लागवड आणि काढणीची मजुरीही निघत नसेल, तर त्या भावाला ‘कमी’ म्हणणे पुरेसे होत नाही. कांदा चांगला आहे, खाणारेही आहेत, शहरात तो विकलाही जाणार आहे, आणि तरीही पिकवणाऱ्याच्या हाती जे येते ते कवडीइतके. हा विरोध एका शब्दात सांगणारे दुसरे विशेषण मराठीत नाही, असे माझे मत आहे.

येथेच ‘मातीमोल’चा फरक कळतो. तोच कांदा चाळीत साठवला आणि अवकाळी पावसाने चाळीतच सडला, तर तो मातीमोल झाला. कवडीमोल होते तेव्हा वस्तू शाबूत असते आणि भाव पडतो. मातीमोल होते तेव्हा वस्तूच नासते आणि भावाचा प्रश्नच उरत नाही. बोलण्यात हे दोन शब्द एकमेकांच्या जागी येतात, ‘मातीमोल भावाने विकले’ असेही सर्रास म्हटले जाते, आणि त्याला अशुद्ध म्हणण्याचे कारण नाही. तरीही लिहिताना हा भेद राखावा असे मला मनापासून वाटते, कारण तो पुसला तर दोष निसर्गाचा की व्यवहाराचा, हे सांगण्याची भाषेतील एक सोय आपण गमावतो. गारपिटीच्या बातमीत ‘मातीमोल’ आणि लिलावाच्या बातमीत ‘कवडीमोल’, एवढे पथ्य वार्ताहरांनी पाळले तरी पुष्कळ झाले.

साड्यांच्या पाटीबद्दल माझे मत स्पष्ट आहे: ती जाहिरात शब्दाच्या विरुद्ध जाते. ‘कवडीमोल’ हे मुख्यतः गमावणाऱ्याच्या बाजूचे विशेषण आहे. विकावे लागलेला माणूस किंवा त्याच्या बाजूने बोलणारा ते वापरतो. घेणाऱ्याने ते वापरले तर त्यात दुसऱ्याच्या अडचणीचा फायदा घेतल्याची छटा येते, आणि विकणाऱ्याने स्वतःच्या मालाबद्दल आनंदाने वापरले तर तो आपल्याच मालाचा पाणउतारा करतो. ‘अत्यल्प दरात’, ‘निम्म्या किमतीत’ किंवा सरळ ‘स्वस्त’ हे शब्द तेथे योग्य.

तिसरा प्रश्न माणसाविषयीचा. जीव, आयुष्य, श्रम, अब्रू, शब्द यांना कवडीमोल म्हणता येते आणि तो प्रयोग फार समर्पक असतो, कारण यांचे मोल मुळात मोठे असते. ‘संरक्षक साधनांवाचून मजुरांना गटारात उतरवले जाते, इतका त्यांचा जीव कवडीमोल झाला आहे’ या वाक्यात जीवाची किंमत कमी असल्याचे विधान नाही; ती कमी लेखणाऱ्यांवर ठेवलेला तो दोषारोप आहे. याउलट ‘तो कवडीमोल माणूस आहे’ हे वाक्य माझ्या कानाला खटकते, कारण त्यात शब्द थेट माणसाच्या लायकीवर घातला आहे. कोणाची लायकीच काढायची असेल तर मराठीत ‘त्याची कवडीची किंमत नाही’ हा निराळा वाक्प्रचार आहे. तेथे नकार आहे, म्हणजे सगळ्यांत खालची पायरीही नाकारलेली आहे. ‘हातात फुटकी कवडी नाही’ यात आपण आणखी खाली उतरतो, कारण फुटलेली कवडी मोजणीत धरण्यासारखी नसते, आणि बोलणाऱ्याकडे तीही नाही. ‘कवडीमोल’, ‘कवडीची किंमत नसणे’ आणि ‘फुटकी कवडी नसणे’ या तीन प्रयोगांना एकच अर्थ देऊन मोकळे होणारी मार्गदर्शके विद्यार्थ्यांच्या हाती असतात, म्हणून हे जरा सविस्तर लिहिले.

कवडी ही निव्वळ शब्दातली गोष्ट नव्हती, हे विद्यार्थ्यांना एका घटनेवरून सांगता येईल. ओडिशात एकोणिसाव्या शतकाच्या आरंभापर्यंत कवड्यांत व्यवहार होत असे. कंपनी सरकारने शेतसारा कवड्यांऐवजी चांदीच्या नाण्यांत मागण्यास सुरुवात केली, तेव्हा रयतेजवळच्या कवड्यांची किंमत उतरली आणि सारा भरणे अवघड झाले. १८१७ साली तेथे पाइकांचा, म्हणजे तेथील जमीनधारक शिपायांचा, जो उठाव झाला, त्याच्या कारणांत हेही एक कारण मोजले जाते. ज्यांची सारी पुंजी कवड्यांत होती त्यांच्या लेखी कवडी मुळीच क्षुल्लक नव्हती.

प्रश्न: ‘कवडीचुंबक’ या शब्दातील चुंबक म्हणजे लोहचुंबक का? कंजूष माणूस कवड्या स्वतःकडे ओढून घेतो, असा अर्थ आमच्या सोलापूरच्या वाचक मंडळात एका सदस्यांनी सांगितला. (एक वाचक, सोलापूर)

उत्तर: तो अर्थ सुचणे स्वाभाविक आहे, परंतु ‘चुंबक’ या संस्कृत शब्दाचा मूळ अर्थ ‘चुंबन घेणारा’ असा आहे, लोखंडाला चिकटतो म्हणून त्या दगडालाही तेच नाव मिळाले. कवडीचुंबक म्हणजे कवडीचा मुका घेणारा, एका कवडीवरही जीव असणारा. लोहचुंबकाच्या कल्पनेत हाव दिसते, मुक्याच्या कल्पनेत आसक्ती दिसते, आणि कवडीचुंबकाचे खरे लक्षण आसक्ती हेच आहे. त्याला दुसऱ्याचे ओढून घ्यायचे असतेच असे नाही. हातातले सुटू नये, एवढीच त्याची धडपड असते.

या माणसाचे आठ शतकांहून जुने चित्र वर उल्लेखिलेल्या ‘लीलावती’तच आहे. अपूर्णांकांच्या गुणाकाराचे एक उदाहरण भास्कराचार्यांनी असे घातले आहे: एका याचकाने मागणी केल्यावर एका कृपणाने त्याला एका द्रम्माच्या अर्ध्याच्या दोन तृतीयांशाच्या तीन चतुर्थांशाच्या एक पंचमांशाच्या एक षोडशांशाचा एक चतुर्थांश दिला, तर त्याने किती कवड्या दिल्या? सोडवून पाहावे. अर्ध्याचे दोन तृतीयांश म्हणजे एक तृतीयांश, त्याचे तीन चतुर्थांश म्हणजे एक चतुर्थांश, त्याचा पाचवा भाग एक विसांश, त्याचा सोळावा भाग १/३२०, आणि त्याचा चौथा हिस्सा १/१२८०. द्रम्माच्या कवड्या १२८०, म्हणून उत्तर येते एक कवडी. एवढा लांबलचक हिशेब करून याचकाच्या हातावर अखेर एकच कवडी पडते. वर्गात हे उदाहरण फळ्यावर सोडवले, तर गणित आणि मराठी हे दोन्ही तास एकाच वेळी साधतील.

‘कवडीचुंबक’ हा शब्द काटकसरी माणसाला लावू नये. काटकसर करणारा गरजेच्या वेळी खर्च करतो. कवडीचुंबकाला गरजच दिसत नाही.

प्रश्न: दही चांगले लागले की ‘कवडी पडली’ असे आई म्हणते. कवडीचा अर्थ क्षुद्र असेल, तर येथे ती कौतुकाची कशी? (एक वाचक, ठाणे)

उत्तर: येथे कवडीची किंमत विचारात नाही, तिचे रूप विचारात आहे. पाणी न सुटता घट्ट, पांढरेशुभ्र आणि वर गुळगुळीत चकाकी असलेले दही कवडीसारखे दिसते, म्हणून ते कवडीचे दही. गडद तपकिरी अंगावर फिकट पट्टे असणारा कवड्या साप आणि काळ्या-पांढऱ्या पिसांचा कवड्या खंड्या पक्षी यांच्या नावांतही कवडीचे मोल नाही, तिचा पांढरेपणा आहे. तुळजाभवानीच्या आणि यल्लम्माच्या आराध्यांच्या गळ्यातील कवड्यांच्या माळेला तर कवडीमोल म्हणण्याचे कोणाच्या मनातही येणार नाही. बाजाराशी संबंध नसेल तेथे कवडी हा मराठीत सुंदर, नितळ आणि पवित्र वस्तूचा शब्द आहे. तेव्हा आपल्या आईंचा प्रयोग अगदी बरोबर आहे.