तुझे सगळे शब्द एकाच वयाचे आहेत

चि. मुला,

अनेक आशीर्वाद.

परवा वही ठेवून गेलास आणि चप्पल घालता घालता म्हणालास, "काकू, कादंबरीतल्या लोकांसाठी नवी भाषा रचतोय, तिचे बाराशे शब्द झाले, पण एकही खरा वाटत नाही. मित्र म्हणतात आधी कादंबरी लिही, भाषेचं नंतर बघ." मी तेव्हा काहीच बोलले नाही. वही रात्रीत दोनदा वाचली. आता बोलते.

तुझे शब्द खरे वाटत नाहीत कारण ते सगळे एकाच वयाचे आहेत. नदी काल जन्मली, आजी काल जन्मली, शिवीसुद्धा काल जन्मली. एकाही शब्दाचा कोपरा झिजलेला नाही. शब्द बनवायचं थांबव. आहेत तेच झिजव.

आपल्या तोंडातलंच बघ. 'हस्त'चा प्राकृतात 'हत्थ' झाला आणि मराठीत 'हात'. 'सप्त', 'सत्त', 'सात'. 'कर्म', 'कम्म', 'काम'. जोडाक्षर गेलं, पण जाताना आधीचा स्वर लांबवून गेलं. 'दीप'चा 'दिवा' झाला, कारण दोन स्वरांच्या मध्ये सापडलेला 'प' टिकला नाही, त्याचा 'व' झाला. तोच 'प' 'पल्ली'तून, म्हणजे वस्तीतून, निसटला आणि डोंबिवली, कांदिवलीत 'व' होऊन बसला. लोकलमधली माणसं रोज हजार-दीड हजार वर्षांची झीज तोंडात घेऊन फिरतात आणि त्यांना त्याचा पत्ताही नसतो. तुझ्या लोकांनाही पत्ता नको. तुला मात्र हवा.

तुझ्या वहीत नदीला 'सेनुपा' आहे आणि नावाड्याला 'ग्राइन'. त्या दोघांची कधी ओळखच झालेली दिसत नाही. नावाडी नदीवर जगतो, मग त्याचं नाव नदीतूनच का येऊ नये? समज, फार जुन्या काळी नदी 'सेनुपा' होती आणि नदीवरचा माणूस 'सेनुप्ता'. आता नियम लाव. स्वरांमधला 'प' आधी 'व' होईल आणि मग विरून जाईल: सेनुपा, सेनुवा, सेनू. जोडाक्षर आधी सारखं होईल, मग स्वर लांबवून सुटेल: सेनुप्ता, सेनुत्ता, सेनूत. आज तुझ्या गावात नदी 'सेनू' आणि नावाडी 'सेनूत'. तो 'त' कुठून आला, हे तिथल्या पोराने विचारलं तर कुणालाच सांगता येणार नाही. दोन शब्द, दोन नियम. तुझ्या बाराशेंपेक्षा मला हे दोन जास्त खरे वाटतात. म्हणून म्हणते, झिजव.

'लॉर्ड ऑफ द रिंग्ज' लिहिणाऱ्या टॉल्किनने आयुष्यभर हेच केलं. क्वेन्या आणि सिंदारिन या त्याच्या गोष्टींतल्या एल्फ नावाच्या जमातीच्या दोन भाषा एकाच जुन्या भाषेच्या लेकी आहेत. पहिलीचा नाद फिनिशवरून आला, दुसरीचा वेल्शवरून. बापाला क्वेन्यात 'अतर' म्हणतात, सिंदारिनमध्ये 'अदर'. स्वरांमधल्या 'त'चा 'द' झाला, आणि एकदा ठरल्यावर तो नियम जिथे लागू पडतो तिथे सगळीकडे लावला. हा माणूस १९१९-२० मध्ये ऑक्सफर्डच्या मोठ्या इंग्रजी कोशात 'डब्ल्यू'वरच्या शब्दांचं मूळ शोधत बसला होता. शब्द कसा झिजतो हे त्याने तिथे हाताने चाचपून पाहिलं असणार. आणि मित्रांना सांग, त्याच्याकडे आधी भाषा आल्या. त्या भाषांना राहायला जागा हवी म्हणून गोष्टी आल्या, असं त्याने स्वतःच लिहून ठेवलंय.

लिपीवर अकरा पानं खर्च केलीस. अक्षरं देखणी आहेत, पण लिपी म्हणजे भाषा नव्हे. महानुभावांनी आपले ग्रंथ सकळ लिपीत झाकून ठेवले, बाहेरच्यांना ते कित्येक शतकं वाचता आले नाहीत. पण लिपीचा पडदा उचलला तेव्हा आत मराठीच होती. तुझ्या लिपीचा पडदा मी उचलला, तर आतही मराठीच निघाली. तीच वाक्यरचना, तेच प्रत्यय, फक्त शब्द बदललेले. आमच्या लहानपणी आम्ही 'च'च्या भाषेत 'मला'चं 'चलाम' करायचो. मोठ्यांपासून गुपित राखायला ते पुरायचं. एका आख्ख्या जमातीला जगायला ते कसं पुरेल?

आणि ते राक्षस! त्यांच्याच तोंडी सगळे 'ठ', 'ड', 'ळ' का? वाचताना मला खरंच राग आला. 'बाळ'मध्ये 'ळ' आहे, 'जिव्हाळा'मध्ये आहे. स्वतःच्या मातृभाषेचे उच्चार खलनायकाला देऊन टाकायचे आणि चांगल्या माणसांना गुळगुळीत 'ल' आणि 'य', ही सवय तू कुठून उचललीस ते मला माहीत आहे. ती सोड. 'बाहुबली' चित्रपटासाठी मदन कार्कींनी कालकेय टोळीची किलिकी भाषा रचली, तीत जीभ टाळ्याला लावून काढलेले टकटक आवाज आहेत. ऐकणाऱ्याला ते रानटी वाटतात. पण दक्षिण आफ्रिकेतल्या झुलू आणि खोसा भाषा बोलणारी माणसं अशाच आवाजांत अंगाई गातात, आणि आपणही हळहळताना 'च्च' करतो तो त्याच जातीचा आवाज. कोणताही ध्वनी दुष्ट नसतो. तो कुणाच्या तोंडात किती वर्षं घोळला एवढंच बघ.

अर्थही झिजतो, हे विसरू नकोस. डेव्हिड पीटरसनने 'गेम ऑफ थ्रोन्स' मालिकेतल्या घोडेस्वारांसाठी दोथ्राकी भाषा रचली. त्यात खुशाली विचारायची तर 'नीट स्वारी करतोयस ना' असं विचारतात, आणि आभार मानायला शब्दच नाही. आपण नारळ 'वाढवतो', फुटलेली बांगडी 'वाढते', घरातून निघताना 'जातो' म्हणत नाही, 'येतो' म्हणतो. या एकेका शब्दात भीती बसलीय, घर बसलंय. तुझे लोक कशाचं नाव घ्यायला घाबरतात? वहीत एकही उत्तर नाही.

आता माझं. चोविसाव्या वर्षी मी कोश समोर ठेवून 'अ'पासून एकेका मराठी शब्दाला नवा शब्द जोडत सुटले होते. 'न'पर्यंत पोचले आणि थांबले, कारण तुझ्यासारखंच मलाही सगळं मेलेलं वाटायला लागलं. तुला पाहून पोटात कालवलं ते यामुळे. पुढे मुद्रितशोधनाच्या नोकरीत अठ्ठावीस वर्षं दुसऱ्यांचे शब्द तपासताना झीज दिसायला लागली आणि मी पुन्हा सुरू केलं. कादंबरीही लिहिली. एका प्रकाशकाने सांगितलं, नावं सोपी करा, वाचक अडखळतात. मी केली. सहा पिढ्यांची झीज सोसलेली गावांची नावं पुसून तिथे 'सुवर्णपूर' आणि 'चंद्रगड' लिहिलं. तरी पुस्तक आलं नाही. ते न आल्याचं दुःख मला फारसं नाही. नावं पुसली, ते मात्र अजून सलतं. त्या मूळ नावांची वहीही मी नंतर जपली नाही.

लोक म्हणतात, हिने आयुष्यभर व्याकरणं लिहिली, पुस्तक एकही नाही. म्हणू देत. माझ्याकडे एक भाषा आहे, तिची आजी आहे आणि पणजी आहे, तिघींची भांडणं मला ऐकू येतात. हे व्यर्थ गेलं असं मी मान्य करणार नाही, तुझ्यासमोर तर नाहीच. तू माझ्यापेक्षा हुशार आहेस, तू दोन्ही कर. पण कुणी नावं सोपी कर म्हटलं तर करू नकोस. ऐकतोयस ना? करू नकोस.

वहीतले अकराशे शब्द बाजूला ठेव. शंभर घे, त्यांना तीन नियम लाव, रडत का होईना पण प्रत्येकाला लाव. जिथे नियमाने दोन वेगळे शब्द सारखेच होतील, तिथे घाबरून नियम मोडू नकोस. लोक त्यातून कशी वाट काढतील ते बघ, नवे शब्द तिथेच जन्मतील.

एक विचारायचं राहिलं. टॉल्किनच्या एका प्रसिद्ध क्वेन्या अभिवादनात 'आपल्या भेटीच्या घटकेवर तारा चमकतो' असं म्हटलंय. त्यातल्या 'आपल्या'चा प्रत्यय 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या पहिल्या आवृत्तीत 'ल्मो' होता, पुढच्या आवृत्तीत त्याने तो 'ल्वो' केला. क्वेन्यात समोरच्याला धरून 'आपण' वेगळं आणि त्याला वगळून 'आम्ही' वेगळं, अगदी मराठीसारखं. इंग्रजी बोलणाऱ्या माणसाने ते मुद्दाम घडवलं, आणि छापून झाल्यावरही त्या एका प्रत्ययात बदल केला. तुला तर ते दुधाबरोबर मिळालंय, आणि तुझ्या वहीत दोन्हींना एकच शब्द आहे. तुझे लोक परक्याला 'आपण'मध्ये कधी घेतात? रविवारी येशील तेव्हा एवढंच ठरवून ये. वही माझ्याकडेच राहू दे.

तुझी,
काकू